मेणबंद डबा

"हळू, आजोबा. झाकणावर एवढा जोर नका देऊ," श्रेया म्हणाली. जुने सिनेमे वाचवणाऱ्या एका संस्थेकडून ती पुण्याहून आली होती.

गेणभाऊंनी ऐकलं नाही. जुन्नरच्या बाजारपेठेत जन्मभर रेडिओ दुरुस्त केलेला माणूस. वय झालं तरी हट्ट तसूभर कमी नव्हता.

डब्यात मुका सिनेमा होता. शेटजी सारी दौलत गमावतो, दारोदार भीक मागतो आणि शेवटी त्याला सगळं परत मिळतं. गेणभाऊंचे वडील जत्रेजत्रेत तंबू ठोकून तो दाखवत. लोक शेटजीसाठी रडत. लहानगे गेणभाऊ वाट बघत ती एका पोरीची. लेण्याद्रीच्या पायथ्याशी ती भिकारी शेटजीच्या ओंजळीत पाणी घालते आणि हसते. शूटिंगवाल्यांनी गावातलीच मुलगी उभी केली होती. पुढे ती गेणभाऊंची आई झाली, आणि ते दोन वर्षांचे असताना वारली. तिचा फोटो म्हणून कुठे नव्हता. अलीकडे ती रोज स्वप्नात यायची, पण चेहराच नसायचा. त्या धसक्यानेच गेणभाऊंनी संस्थेला फोन लावला होता.

"तंबू बंद झाला, तवा म्या डबा मेणानं बुजवला," ते म्हणाले. "चाळीस वर्सं वारं लागू दिलं न्हाई. लोणच्याच्या बरणीवानी जपला."

श्रेयाचा चेहरा उतरला. "या फिल्मला हवा लागते, आजोबा. कोंडली की आतल्या आत कुजते."

झाकण निघालं. आंबूस दर्प आला. आत तपकिरी भुकटी होती. मधोमध सिनेमाच्या शेवटाची वीतभर पट्टी तेवढी शाबूत राहिली होती. श्रेयाने ती उजेडाकडे धरली.

"कोन हाय?"

"शेटजी. गादीवर बसलाय. पुढ्यात मोहरांची रास आहे."

"त्याला गेलेलं समदं घावलं," गेणभाऊ म्हणाले. "लई नशिबाचा." मग बायकोकडे वळून म्हणाले, "म्याच घालवली तिला, बये."

"अवं, तुमी जपायलाच गेला व्हतात न्हवं?" बयाबाई म्हणाल्या.

श्रेया भुकटी गोळा करू लागली. "ही पेट घेते. पाण्यात बुडवून न्यावी लागेल."

"पान्यातच न्यायची ना? मग मी नेतो."

दुसऱ्या दिवशी ते डबा घेऊन येडगावच्या धरणावर एकटेच गेले. दुपारच्या एसटीने परतले तेव्हा डोक्याचा तुळतुळीत गोटा केला होता, मिशीही नव्हती. वय वर्षं ब्याऐंशी.

"भाईरच थांबा," बयाबाई म्हणाल्या, आणि आंघोळीचं पाणी तापत ठेवलं.