पहार कोणी चालवली?

फौजदार फारच गोड बोलत होता, आणि न्यायाधीशबाईंना नेमकं तेच खटकत होतं.

"मॅडम, आणखी पाच दिवसांची पोलीस कोठडी द्या, बस्स. अर्धे दागिने मिळालेत, उरलेलेही हा काढून देईल. पोपटासारखा बोलतोय."

हा म्हणजे घरं रंगवणारा एक रंगारी. ज्या घराच्या भिंती त्याने रंगवल्या, त्याच घरातून दागिने गेले होते. आरोपीच्या पिंजऱ्यात तो मान खाली घालून उभा होता.

आता, कोठडी दोन तऱ्हेची असते. एकीत माणूस पोलिसांच्या ताब्यात राहतो. दुसरीत तो तुरुंगात जातो, आणि तिथे पोलिसांना मनाला येईल तसं त्याला हात लावता येत नाही. कोणती द्यायची ते पोलीस नाही, न्यायालय ठरवतं. रंगाऱ्याचा जीव आज त्या एका सहीवर टांगलेला होता.

"तुम्हाला मारहाण झाली का?" बाईंनी विचारलं.

रंगाऱ्याने आधी फौजदाराकडे पाहिलं. "नाही बाई. काही तक्रार नाही."

असली उत्तरं ऐकून बाईंचे कान किटले होते. त्या पट्टेवाल्याला म्हणाल्या, "त्यांना पाणी द्या."

रंगाऱ्याने पेला डाव्या हाताने घेतला. उजवा हात ओल्या टॉवेलासारखा लोंबत राहिला.

"उजव्या हाताला काय झालं?"

उत्तर फौजदारानेच दिलं. "परवा न्हाणीघरात घसरला, मॅडम. खांदा हलवता येत नाही. डॉक्टरला दाखवलंय. आमच्याकडून हयगय नाही."

बाईंच्या मनात पाल चुकचुकली. पण हे नाटकही असू शकेल. दुखण्याची सोंगं करणारे आरोपी त्यांनी काय कमी पाहिले होते? त्यांनी विषय बदलल्यासारखं विचारलं, "बरं, दागिने सापडले कसे?"

"काल दुपारी हाच आम्हाला त्याच्या घरी घेऊन गेला. घरामागे पहारीने खड्डा खणला आणि दोन साक्षीदारांसमोर स्वतःच्या हाताने डबा काढून दिला." फौजदाराने हे पाढे म्हणावेत तसं म्हणून टाकलं.

"परवा खांदा गेला, आणि काल पहार चालवली?"

पट्टेवाला खोकला. खोकला की हसला, सांगणं कठीण.

"तसं नाही मॅडम... खणलं आमच्या पोरांनी. पण 'स्वतःच्या हाताने' असंच लिहायची पद्धत आहे. सगळेच लिहितात."

"म्हणजे डबाही पोरांनीच काढला. आणि ठेवला कोणी?"

फौजदाराचा गोडवा कुठल्या कुठे गेला.

बाईंनी हुकूम सांगितला. पोलीस कोठडी नाही, तुरुंग. तपासणी दुसऱ्या डॉक्टरकडून, आजच. तपास वरच्या अधिकाऱ्याकडे, आणि त्याने दर आठवड्याला न्यायालयात येऊन प्रगती सांगायची.

"म्हणजे सुटलो का मी, बाई?"

"नाही. चोरी तुम्ही केली की नाही, ते मला अजून ठाऊक नाही."

रंगाऱ्याने मान हलवली, पण जागचा हलला नाही. हळूच म्हणाला, "मग तुरुंगात नेणार कोण?"

फौजदार दारापाशी पोचलासुद्धा होता. आवाज पुन्हा मधाळ झाला. "आमची गाडी आहे ना, मॅडम. तुरुंग वाटेवरच तर आहे."

बाईंनी त्याच्याकडे नीट पाहिलं.

"गाडी घेऊन तुम्ही जा. तुरुंगाची माणसं येईपर्यंत हे इथेच बसतील, माझ्यासमोर."

पट्टेवाल्याने खुर्ची आणून ठेवली. जेवणाची सुट्टी झाली, वकील उठून गेले. बाई आपल्या जागेवरून हलल्या नाहीत.