माइमुच्या मापाची बैठक

मित्रांनो, मी एक जुनी घसरगाडी आहे. समोर बसायला लाकडी बैठक, मागे धरायला दांडा आणि खाली लोखंडाच्या दोन लांब पट्ट्या. एकाने बसायचे, दुसऱ्याने मागे उभे राहून पायाने बर्फाला रेटा देत गाडी पुढे न्यायची. एस्टोनियातल्या आमच्या बेटावर घरोघरी अशी गाडी असते.

मला हिल्लरने लग्नाच्या वर्षी बनवले. बैठक बायकोच्या, माइमुच्या मापाची. तो शाळेत गणित शिकवायचा. गावप्रमुखाच्या निवडणुकीला उभा राहिला, तेव्हा तो मला रेटत दारोदार फिरला आणि माइमु मांडीवर राईचे पाव घेऊन बसली.

"मत पावाला द्यायचं की नवऱ्याला?" शेजारच्या म्हाताऱ्या साल्मेने विचारले.

"पाव आवडला तर नवऱ्याला," माइमु म्हणाली. "त्याला स्वतःला काही मागता येत नाही."

तो निवडून आला. पुढे राजधानी तालिनच्या संसदेत गेला, मग जंगलखात्याचा मंत्री झाला. सरळ माणूस म्हणून वर्तमानपत्रांनी त्याला नावाजले. मी मात्र कोठारात भिंतीला टांगलेली राहिले. पट्ट्या गंजल्या.

दर हिवाळ्यात माइमु फोन करायची, "खाडी गोठली." तो म्हणायचा, "पुढच्या आठवड्यात नक्की." एकदा आला, पण दिवसभर स्वयंपाकघरात संगणकाला ओळखपत्राचे कार्ड लावून, गुप्त आकडा दाबून सह्या करत बसला. आमच्याकडे सह्या अशाच होतात. माइमु कोट घालून तयार होती. उजेड गेल्यावर तिने तो काढून ठेवला.

नंतरच्या वर्षी ती आजारी पडली. बरी होणार नव्हती. तिने फोन केला, "खाडी गोठली. ये, पण ते कार्ड तिकडेच ठेवून ये."

मंत्रालयातला त्याचा सहायक म्हणाला, सह्यांचे कागद आजच जायला हवेत. हिल्लरने त्याच्या हाती कार्ड दिले आणि आकडाही सांगितला. आमच्या बेटावर दाराला कुलूप नसते. घरी कुणी नसले, तर दाराला झाडू टेकवून ठेवतात आणि आत कुणी जात नाही. तिथे वाढलेला माणूस तो.

त्या दिवशी त्याने मला भिंतीवरून काढले आणि आम्ही खाडीपलीकडच्या दीपस्तंभापर्यंत गेलो.

"दमलास?" माइमुने विचारले.

"नाही."

"खोटं बोलायला लागलास. खरंच मंत्री झालास की."

मी इतकी सरळ कधीच धावले नव्हते.

त्याच दिवशी सहायकाने आपल्या मेहुण्यासाठी जंगलतोडीच्या परवान्यावर हिल्लरची सही केली. साल्मे जिथे भूछत्रे वेचायची, ते जंगल गेले. बातमी फुटली, तेव्हा हिल्लर एवढेच म्हणाला, "कार्ड माझं, आकडा मी सांगितला. सही माझीच." आठवडाभरात त्याचे पद गेले.

"मीच म्हटलं होतं, कार्ड ठेवून ये," माइमु अंथरुणातून म्हणाली.

"पुन्हा बोलावलंस तर पुन्हा येईन. आकडा तेवढा सांगणार नाही."

खाडीचे पाणी मोकळे व्हायच्या आत ती गेली.

नंतर हिल्लर घरात असला तरी दाराला झाडू टेकवलेला असायचा. गावाने त्या झाडूचा मान राखला, आत कुणी गेले नाही. पण पुढच्या हिवाळ्यात साल्मेने झाडू बाजूला केला आणि आत बघून ओरडली, "जंगल घालवलंस ते मी विसरणार नाही. पण खाडी गोठलीय, ते सांगायला आता दुसरं कोण आहे?"

हिल्लरने मला खाली काढले, पट्ट्या घासल्या, तेल लावले. रिकामी मी सरळ जात नाही, पुढून वर उचलली जाते. म्हणून त्याने बैठकीवर बटाट्यांचे पोते ठेवले आणि त्यावर माइमुची शाल बांधली.

"बटाट्यांना फिरवायला नेतोस?" साल्मे म्हणाली.

"रिकामी चालत नाही ती."

साल्मेने शालीची गाठ घट्ट केली.

मित्रांनो, तुमच्या घरीही माझ्यासारखे काही भिंतीला टांगलेले असेल. त्याला तेल लावा. पण त्याहून आधी, कुणी कोट घालून बसले असेल, तर उजेड आहे तोवर त्यांना घेऊन निघा. पोते मला जड नाही. फक्त ते काही बोलत नाही.