सासूबाईंचे बत्तीस दात

दवाखान्यातला डेटाबेस बिघडला. कुणाचा कुठला दात काढायचा हे सगळं त्यातच होतं, म्हणून दातांच्या डॉक्टरांनी दुरुस्तीचं महागडं सॉफ्टवेअर विकत घेतलं. थोड्याच वेळात पडद्यावर उमटलं, ‘सर्व नोंदी शंभर टक्के दुरुस्त.’ डॉक्टरांच्या मनात पाल चुकचुकली. ‘शंभर टक्के’ हे शब्द ते स्वतः पेशंटसमोर कधी वापरतात, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं.

खातरजमेसाठी त्यांनी घरचंच तोंड निवडलं. सासूबाईंच्या नावापुढे बत्तीस निरोगी दात झळकले. त्यांतले सहा तर जावयानंच उपटले होते. काढलेल्या दाताचा रकाना कोरा सोडायची डॉक्टरांची पद्धत. सॉफ्टवेअरनं कोरेपणा हाच बिघाड धरून सगळीकडे ‘निरोगी’ भरून टाकलं होतं.

“तुमच्यापेक्षा हे बरं, जावईबापू,” शेजारी बसलेल्या सासूबाई म्हणाल्या. “गेलेले दात परत देतंय.”

“थट्टा नको, आई. आता प्रत्येकाच्या तोंडात नीट बघूनच दात काढावा लागणार.”

सासूबाईंनी गालावर हात ठेवला आणि जावयाकडे रोखून पाहिलं.

“म्हणजे आजवर कुठं बघत होतात?”