सरकारी टोप

कम्युनिस्ट राजवटीत प्रागच्या टीव्हीला लांब केस चालत नसत. कापायला जे तयार नसत त्यांच्यासाठी सरकारने आखूड केसांचे टोप करून ठेवले होते. भाजीच्या दुकानात कांदा नव्हता, पण टोप होते.

ओताची मानेवर रुळणारी झुलपं आत कोंबून टीव्हीच्या मेकअपवाल्या यार्मिलाबाई तसलाच एक टोप त्याच्या डोक्यावर बसवत होत्या. "हलू नकोस रे! अगदी पोस्टातला कारकून दिसतोस."

आज त्याच्या बँडचं गाणं चित्रित होणार होतं. मग रेकॉर्ड, मग दौरे. तीन वर्षं त्यासाठी ओताने कचेऱ्यांचे उंबरठे झिजवले होते. आणि आजच, चार रस्ते पलीकडे, त्यांचा ड्रमवाला ल्युबोर कोर्टात उभा राहणार होता. गुन्हा काय, तर मित्राच्या लग्नात पुढाऱ्यांच्या ढेऱ्यांवरचं गाणं म्हटलं. गाणं लिहिलं होतं ओताने. ल्युबोरने मार खाल्ला, नाव सांगितलं नाही.

टीव्हीचा साहेब हावरानेक टक्कल पुसत आला. "वा! ड्रमवर आमचा माणूस बसवलाय. त्या गुंडाचं नाव काढायचं नाही."

"ते गाणं माझं आहे."

"तो बिचारा गप्प आहे ना? मग तुम्ही कशाला तोंड उघडता?"

ओता उठला आणि चालू लागला.

"अरे, टोप! सही करून घेतलाय मी तो!" बाई ओरडल्या.

कोर्टाच्या दारात पोलीस ल्युबोरच्या मित्रांना हुसकावत होता. "जागा नाही! झिपऱ्यांनो, न्हाव्याकडे जा!" ओताला पाहून मात्र तो बाजूला झाला. "या कॉम्रेड. कारखान्यातून ना? बसा पुढे."

आत कारखान्यातून आणून बसवलेली 'जनता' जांभया देत होती. बेड्या घातलेल्या ल्युबोरने एकेक चेहरा पाहिला. ओतावरूनही नजर सरकली. आपलं कुणीच आलेलं नाही. त्याची मान खाली गेली.

ओताने पिनांसकट टोप उपटला.

"न्यायाधीश महाराज, ते गाणं माझं. घ्या लिहून."

ल्युबोरचे डोळे भरले. "गाढवा! आज टीव्ही होता ना तुझा?"

पोलिसांनी ओताच्या झिंज्या धरल्या. त्याने टोप एकाच्या हातात कोंबला.

"हा टीव्हीवर पोचवा, बाईंची सही आहे. आणि हावरानेकला घालून बघा म्हणावं. त्याच्या डोक्यात आत काही नाही, वर तरी असू दे."