ट्विडलसाहेबांची मोठी भूमिका

सौदीतल्या हाइलच्या या हॉस्पिटलात मी बारा वर्षं इमर्जन्सीत नर्स आहे. डॉक्टर नुसतं ‘सिस्टर’ म्हणाले की माझा हात आधी पुढे होतो, डोकं मागाहून येतं. या सवयीनेच त्या दिवशी माझा घात केला.

दुपारी शूटिंगवाल्यांनी वाळवंटातल्या तालमीतून सत्तरीचा एक गोरा म्हातारा आणून टाकला. छातीत कळ, अंगभर वाळू. चेहरा बघून मी उडालेच! सौदीच्या इंटरव्ह्यूसाठी इंग्रजी सुधारायचं म्हणून देवरुखला मी ज्या ब्रिटिश मालिका बघायचे, त्या प्रत्येकीत हा होता. कधी सर्जन, कधी मोठे डॉक्टर. नाव मात्र माहीत नव्हतं, शेवटी नावं सुरू झाली की मी टीव्ही बंद करायचे ना. फाइलवर वाचलं, ट्विडल.

“मी ओळखते तुम्हाला,” मी म्हटलं.

“सगळेच ओळखतात,” ते म्हणाले. “लंडनमध्ये लोक विचारतात, तुम्ही आमचे दातांचे डॉक्टर का?”

बेचाळीस वर्षं दोन-दोन वाक्यांची कामं केली होती बिचाऱ्यांनी. आता कुठे पहिली मुख्य भूमिका मिळाली, तीही उद्यापासून. आजार मोठा निघाला तर कंपनी दुसरा नट बोलावणार, म्हणून साहेब दुखणं लपवत होते. दहापैकी किती दुखतंय, तर म्हणे शून्य! कपाळावर घाम निथळतोय आणि शून्य! आमच्या डॉक्टर शार्दूलनी रक्ताची दुसरी तपासणी लावली आणि रिपोर्ट येईपर्यंत हलायचं नाही असं बजावून ते दुसऱ्या पेशंटकडे गेले.

त्यांची पाठ वळताच ट्विडल उठले, चष्मा लावला आणि त्या मालिकांमधल्या भारदस्त आवाजात म्हणाले, “सिस्टर, सुई काढा. डिस्चार्जचे कागद आणा.”

मी म्हटलं, “यस, डॉक्टर.”

अहो, खरंच म्हटलं! सुई काढली, कापूस लावला, ‘स्वतःच्या जबाबदारीवर जात आहे’ हा फॉर्म पुढे केला. त्यांनी न वाचता सही ठोकली आणि चालू पडले. लिफ्टचं दार बंद झालं तेव्हा मला अक्कल आली. इतकी लाज वाटली म्हणून सांगू! तेवढ्यात लॅबचा फोन आला. हार्ट अटॅकच होता.

धावत खाली गेले. साहेब कंपनीच्या गाडीत बसले होते. रिपोर्ट सांगितला, तर म्हणाले, “सिस्टर, बेचाळीस वर्षं थांबलोय. मेलोच तर मुख्य भूमिकेत मरू द्या.” आणि ड्रायव्हरला म्हणाले, “यल्ला, चल.”

आता काय करावं? मी गाडीचं दार धरून भोकाडच पसरलं. “माझी नोकरी जाईल हो! इकामा, इथे राहायचा परवानाच रद्द होईल! मुलगी इथे नववीत आहे!” खरं म्हणजे त्यांच्या सहीचा फॉर्म माझ्या खिशात होता. ती सही असली की नर्सच्या केसालाही धक्का लागत नाही. ट्विडलनी माझ्याकडे बघितलं, जरा वेळ बघतच राहिले, आणि निमूट खाली उतरले.

संध्याकाळी अँजिओप्लास्टी झाली. तिसऱ्या दिवशी लंडनहून दुसरा नट आला आणि ट्विडलांचे भूमिकेचे कपडे त्याच्या मापाने आवळून घेतले गेले. मला अन्न गोड लागेना. माणसाच्या जन्माची कमाई मी खोटं रडून घालवली होती. ते घरी जायला निघाले त्या दिवशी मी सांगून टाकलं, “साहेब, माझी नोकरी जाणार नव्हती. मी खोटं बोलले.”

“ठाऊक आहे,” बुटाची नाडी बांधत ते म्हणाले. “रडताना तुम्ही मधूनच माझ्याकडे बघत होतात. नवशिके नट तसंच करतात.”

“मग उतरलात कशाला?”

“समोरचा एवढा जीव तोडून काम करत असला, तर आपण साथ द्यायची असते. आम्हा छोट्या कामवाल्यांना दुसरं येतं काय?”

मला तिथेच रडू फुटलं, अगदी खरं.