सुट्टीनंतरची तारीख

चंद्रव्वाचं मागणं एवढंच होतं, की तिच्या दहा वर्षांच्या रुद्राणीचं लग्न मैंदर्गीच्या चाळिशीतल्या बिजवराशी लावू नये. नवरा गेल्यावर थोरल्या दिराने, शिवलिंगप्पाने, पोरीला आपल्या घरी नेलं होतं आणि भावकीत शब्द देऊन तो मोकळा झाला होता. शब्द द्यायला याचं काय जात होतं?

बालविवाहबंदीचा कायदा तेव्हा आला नव्हता. सोलापूरच्या कोर्टाने अर्ज घेतला आणि तारीख दिली ती उन्हाळ्याच्या सुट्टीनंतरची. नाझरकर वकिलांनी तोवर लग्नाला मनाई मागितली, तर दुसऱ्या बाजूचं ऐकल्याशिवाय हुकूम होत नाही, असं उत्तर आलं. वैशाखात कोर्ट बंद आणि लग्नंही नेमकी वैशाखातच. पण हे त्या शहाण्यांना सांगायचं कुणी?

व्हायचं तेच झालं. मैंदर्गीला मांडव पडला. "तिकडे फिरकूसुद्धा नका," असं वकिलांनी बजावलं होतं, तरी चंद्रव्वा गेली. भर मांडवात ओरडून लग्न मोडायचं, असं ठरवूनच गेली.

विधवा म्हणून तिला मागे भिंतीपाशी उभं केलं. कुणीतरी सगळ्यांबरोबर तिच्याही हातात अक्षता दिल्या. रडून रडून डोळे सुजलेल्या रुद्राणीने गर्दीत आईला पाहिलं आणि ती रडायची थांबली. आई आली, आता आपल्याला घरी नेणार, असंच तिला वाटलं असणार. चंद्रव्वाच्या घशातून आवाज फुटेना. जंगमस्वामींचे मंत्र संपले, अक्षता उडाल्या. साऱ्या गावाने आशीर्वाद दिला आणि जन्मदात्या आईने तेवढा दिला नाही, याचं पुढे पोरीला काही भोगावं लागलं तर? या भीतीने तिने मूठ उघडली.

सुट्टी संपली. पुकारा झाला.

"लग्न होऊन गेलं," न्यायाधीश म्हणाले. "आता मनाई कशाला करायची? अर्जात काही उरलं नाही."

नाझरकर उठले. आईच्या संमतीशिवाय झालेलं हे लग्न खरं मानू नये, असं सांगू लागले. तेवढ्यात समोरच्या वकिलाने विचारलं, "बाई, तुम्ही अक्षता टाकल्यात?"

"टाकल्या की," चंद्रव्वा म्हणाली. "लेक हाय माजी. न टाकून कसं चालंल?"

नाझरकर खाली बसले. अर्ज निकालात निघाला आणि पुढच्याचा पुकारा झाला.

बाहेर लिंबाखाली शिवलिंगप्पा डोक्याला रुमाल बांधत होता. वर्षभर ती त्याच्याशी एक शब्द बोलली नव्हती. आता ती पदर सावरून त्याच्यापुढे गेली.

"भावजी, पंचमीला म्हायेरी धाडतील का वो तिला?"

शिवलिंगप्पाने नजर चुकवली.

"तेंची मर्जी. आता माज्या हातात काय न्हाय."