खऱ्या कॉफीचा वास

"घेतली का तिनं?" मी दारात पाय ठेवायच्या आत आईनं विचारलं.

ताटली माझ्या हातातच होती. उकडलेले गोड गहू, वर पिठीसाखर, मधोमध मेणबत्ती. बाबांचा चाळिसावा दिवस होता. या दिवशी आत्मा घर सोडतो म्हणतात. ताटली घेणाऱ्यानं 'देव त्याला क्षमा करो' एवढं म्हणायचं असतं. जिन्यातल्या सगळ्यांनी म्हटलं. राहिल्या त्या शेजारच्या ओतिलियामावशी, आणि आईचा सगळा जीव त्यांच्याच शब्दात अडकला होता.

मावशींच्या नवऱ्यानं, साबिनकाकांनी, स्वतःच्या वाढदिवसाच्या दिवशी हुकूमशहावर विनोद सांगितला होता. बाबांनी तो गुप्त पोलिसांपर्यंत पोचवला. काका तुरुंगातच वारले. ती राजवट बुडून जमाना झाला, पण आमच्या घरात याबद्दल कुणी चकार शब्द काढत नाही.

"काय म्हणाली?"

"म्हणाल्या, आईला पाठव."

"मला? मी काय केलंय? जे केलं ते तुझ्या बाबांनी!"

"त्या म्हणाल्या, भिंत पातळ आहे. सगळं ब्राइला शहर जवाची कडू भुकटी उकळून प्यायचं, तेव्हा आपल्याकडून खऱ्या कॉफीचा वास यायचा. काकांना नेलं त्याच्या आदल्या दिवशीही."

आई मटकन बसली. "ती पोलिसांची माणसंच आणायची पुडा. घरी आलेल्याला काय कोरडं पाठवायचं? मी आपली कॉफी करून द्यायचे."

"आणि बाबा त्यांना काय सांगतात ते ऐकायचीस."

"ऐकायचे! बहिरी होते का मी?" ती कडाडली. मग आवाजच बसला. "जीव मुठीत धरून ढवळत असायचे गं."

खिडकीतलं ऊन उतरत चाललं होतं. दिवस मावळला की चाळिसावा संपला. आई उठली, काळा रुमाल बांधला, माझ्या हातून ताटली घेतली. मी आमच्या दारातून बघत राहिले.

मावशींनी दार उघडलं. रीतीप्रमाणे विचारलं, "कुणाच्या नावानं?"

'रेमुसच्या' म्हणून बाबांचं नाव घेईल असं मला वाटलं.

"माझ्या," आई म्हणाली. "रेमुसचं त्याचं तो बघेल. कॉफी मी करत होते, ओतिलिया."

मावशी तिच्याकडे बघत राहिल्या. मग त्यांनी ताटली घेतली आणि 'देव क्षमा करो' न म्हणताच आत गेल्या. दार मात्र लावलं नाही.

दिवस मावळला. आई त्या उघड्या दारापुढे उभीच होती. हात अजून तसेच पुढे, रिकामे.